वेंगच्या बाळाची निनांग

रोवेना दे ग्रासिया, जिला सगळं मनिला वेंग म्हणतं, ती एका दुपारी वर्तमानपत्राच्या कचेरीत स्वतः आली, केळीच्या पानावर भाजलेला तांदळाचा गरम केक, बिबिंका, पासिता मानालांगच्या टेबलावर ठेवला आणि म्हणाली, "तिता, माझ्या बाळाची निनांग व्हाल का?"

पासिताच्या मनात पहिला विचार आला तो एवढाच: या पोरीला काय लपवायचंय?

तोंडाने मात्र ती म्हणाली, "मॅनेजर कुठे गेला तुझा? असली आमंत्रणं तो फोनवर उरकतो ना?"

"तुम्हाला फोनवर कसं सांगणार, तिता? माझी सख्खी मावशी असती तर तिला फोनवर सांगितलं असतं का?"

"अस्सं!" पासिताने बिबिंक्याचा वास घेतला. लोणी होतं, खारं अंडं होतं, वर किसलेलं खोबरं होतं. सगळं इतकं चांगलं होतं की तिचा संशय आणखीच वाढला.

याला पासिताचा इलाज नव्हता. मालाबोनच्या बाजारात तिची आई मासे विकायची आणि मुलीला तिने अक्षरओळखीच्या आधी एक धडा दिला होता: विकणारा फार गोड हसला की माशाचे कल्ले उचलून बघायचे. पुढे मासळी सुटली, सिनेमाचं पान हातात आलं, पण कल्ले उचलायची खोड गेली नाही. सिनेमाच्या पत्रकार परिषदेत जेवणात मोठ्या कोळंब्या दिसल्या की ती शेजाऱ्याच्या कानात सांगायची, "पडणार बघ हा सिनेमा." नुसता शेवयांचा पान्सित आणि सरबत असलं तर चष्मा पुसून नीट बसायची, कारण निर्मात्याचा आपल्या सिनेमावर भरवसा आहे. एखाद्या जोडप्याने गळ्यात गळे घालून फोटो काढून घेतला की ही त्यांच्यातल्या कोणी वेगळं घर घेतलंय का ते शोधायला लागायची. वाईट याचं की ते घर बहुतेक वेळा सापडायचं.

तिचा स्तंभ लोक खालून वर वाचत. अगदी शेवटी एक बिननावाची बातमी असायची. अमुक सोज्वळ नटी कोणाच्या गाडीतून उतरली बरं, एवढंच. मग जीपनीत दाटून बसलेली माणसं उतरेपर्यंत नावं लावत बसायची, आणि ज्या नट्यांचा काही संबंध नाही त्यासुद्धा फोन करून विचारायच्या, "तिता, ती मी नाही ना?" कुठल्याही सुनेला नसतील इतक्या सासवा आमच्या नट्यांना असतात, आणि पासिता त्यातली थोरली.

तर हे निनांग प्रकरण. बाप्तिस्म्याच्या वेळी बाळाला धरून उभी राहते ती निनांग, धर्ममाता. त्या दिवसापासून बाळाच्या आईशी तिचं नातं बहिणीपेक्षाही घट्ट मानलं जातं, आणि बहिणीची अब्रू कोण वेशीवर टांगतं? म्हणूनच आमच्याकडे नटीला दिवस गेले की पाळण्याच्या आधी पत्रकार ठरतात. एकेका बाळाला डझनभर धर्ममाता आणि धर्मपिता, त्यातले निम्मे वर्तमानपत्रवाले. पाद्री बाळाच्या डोक्यावर पाणी ओततो, आणि इकडे तितक्या लेखण्या थंड होतात. पैशांचा लिफाफा घेतला तर माणूस दुसऱ्या दिवशी विसरतो, पण निनांग झाल्यावर जन्मभर मिठाची गुळणी धरून बसावं लागतं. हे माहीत असल्यामुळे पासिता आजवर कोणाचीही निनांग झाली नव्हती. बोलावणं आलं की तिचं गुडघ्याचं दुखणं उपटायचं.

पण वेंगची गोष्ट निराळी होती.

वेंग चौदा वर्षांची असल्यापासून पासिता तिला ओळखत होती. आईबरोबर कावितेहून बसने यायची, हातात आपले फोटो घेऊन कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवायची. शूटिंगला उशीर झाला की परतीची बस चुकायची, आणि मग सांपालोकमधल्या पासिताच्या दोन खोल्यांत सोफ्यावर पाय दुमडून झोपायची. सकाळी पासिता तिला लसणीचा भात आणि सुकी मासळी करून घालायची. भात खाता खाता धंद्याच्या चार गोष्टीही सांगायची. कोणाच्या गाडीत बसू नये, कोणासमोर रडू नये, "मला काही नको" म्हणणाऱ्या माणसापासून चार हात लांब राहावं. सतराव्या वर्षी वेंग शिकायला म्हणून दावावला मामाकडे गेली आणि वर्षभराने परतली. पासिताने 'पोर अभ्यासात रमली' असं छापलं आणि तसंच मानलं. सगळ्या जगाचे कल्ले उचलणारी ही बाई, एवढ्या एका मुलीपुढे तिचं नाक चोंदायचं.

मग वेंग मोठी झाली. पडद्यावर साध्वीच्या भूमिका करू लागली, बटांगासच्या एका बड्या घराण्यातल्या आंतोनशी तिचं लग्न झालं, आणि सोफ्यावरचं झोपणं कधीच संपलं. पासितानेही तक्रार केली नाही. रिकाम्या घरात एकटीने जेवायची सवय असली की माणूस असल्या गोष्टी बोलून दाखवत नाही.

आणि आता हा बिबिंका.

"बघते," एवढंच तिने वेंगला सांगितलं. गुडघ्याचं नाव काही तिच्या तोंडून निघालं नाही.

दुसऱ्या दिवशी एका पत्रकार परिषदेत तिने ही गोष्ट बेबॉटला सांगितली. बेबॉट तिच्याच वयाचा, दुसऱ्या वर्तमानपत्राचा स्तंभलेखक. भुवया कोरलेल्या, बोटांत अंगठ्या, जिभेला हाड नाही. त्याची धर्मलेकरं इतकी होती की नाताळात ती भेटी मागायला यायच्या आधी तो घराला कुलूप लावून पळून जायचा.

"अगं बाई!" तो ओरडला. "कुमारिकेने शेवटी हो म्हटलं!"

"हो कुठे म्हटलंय? कुठेतरी पाणी मुरतंय, बेबॉट. बाळ झाल्यापासून मी तिला एक फोनसुद्धा केला नाही, आणि ही अचानक दारात?"

"मलाही बोलावलंय. मी कुठे विचारलं का म्हणून? अख्खं भाजलेलं डुक्कर, लेचॉन असणार, एवढं पुरे."

"तुला बोलवायला कोण आलं होतं?"

"मॅनेजरचा फोन होता."

"बघ! आणि माझ्याकडे ती स्वतः आली. का?"

बेबॉटने तोंडातला घास गिळला आणि तिच्याकडे नीट बघितलं. "पासी, तुझ्यावर माया असेल पोरीची. असं होतं कधीकधी. माणसांत होतं म्हणतात."

"उगीच बोलू नकोस," पासिता म्हणाली. पण ते शब्द तिच्या डोक्यातून जाईनात.

कारण प्रश्न तोच होता. ही माया आहे की तोंडाला लावलेली मुसकी? मुसकी असेल, तर पासिताला नवीन काही नव्हतं. पण माया असेल तर? साठीला टेकलेल्या बाईला कोणीतरी आपलं म्हणतंय, आणि ती कल्ले उचलून बघत बसली आहे. या विचाराची तिला लाज वाटली, आणि लाज वाटली म्हणून ती आणखी जोराने शोधायला लागली.

तिने वेंगच्या केशभूषाकाराला गाठलं. तो म्हणाला, "नवरा रोज फुलं आणतो, मला तर कंटाळा आलाय." तिने ड्रायव्हरला सिगारेटी दिल्या. त्याने सिगारेटी ओढल्या आणि सांगितलं की मॅडम शूटिंगहून थेट घरी जातात, वाटेत फक्त चर्च. इस्पितळातल्या ओळखीच्या नर्सने सांगितलं की बाळ अगदी बापाच्या तोंडवळ्यावर आहे, कानसुद्धा तसेच. कुठेच काही सापडेना. एरवी काही न सापडणं हाच पासिताच्या लेखी सर्वांत मोठा पुरावा असायचा. या वेळी मात्र तिला हळूहळू हायसं वाटायला लागलं. तिने दिविसोरियाच्या बाजारातून फिकट निळं कापड आणलं आणि शिंपिणीला मापं दिली. बाळासाठी सोन्याचं छोटं पदक घेतलं. सोनाराने विचारलं, "नातू का?" तर ही बाई चक्क "हो" म्हणाली.

बाप्तिस्म्याच्या आदल्या दिवशी दुपारी धर्ममाता-धर्मपित्यांना चर्चमध्ये उपदेश असतो. तो ऐकल्याशिवाय पाद्री उभंच राहू देत नाही. बेबॉट पंख्याखाली बसून घोरत होता. पासिता मात्र पहिल्या बाकावर ताठ बसून ऐकत होती. निनांगने बाळाला सत्याच्या वाटेवर न्यायचं असतं, असं काहीतरी पाद्री सांगत होता. तो फार गोड हसत होता, तरी पासिताने त्याचा संशय घेतला नाही.

उपदेश संपल्यावर वेंग म्हणाली, "तिता, घरी चला ना. बाळाला बघा, कॉफी घ्या."

वेंगच्या घरी स्वयंपाकघरात दुसऱ्या दिवसाची गडबड होती. वेंगची आई मोलकरणींवर ओरडत होती. पाळण्यातलं बाळ मुठी आवळून झोपलं होतं, आणि पाळण्याशी वेंगची धाकटी बहीण मायूमी उभी होती. आठ वर्षांची, पुढचा एक दात पडलेला. पासिताने तिला कधी नीट पाहिलं नव्हतं.

"तुम्ही बाळाच्या निनांग?" मायूमीने विचारलं.

"उद्यापासून."

"मग माझी निनांग कोण आहे? मी आईला विचारलं तर ती म्हणते, आठवत नाही. असं कोणी विसरतं का?"

"विसरतात की. मी तर चष्मा डोळ्यावर ठेवून शोधते."

मायूमी खुदकन हसली. तोच वेंग म्हणाली, "मायूमी, आत जा." आवाज मोठा नव्हता, पण पोर ताबडतोब गेली. वेंगने पासिताला मागच्या अंगणात नेलं, दार लोटलं आणि खुर्चीवर बसायच्या आधीच तिचे दोन्ही हात धरले.

"तिता, तुमचे उपकार मी विसरणार नाही."

"कसले उपकार गं?"

"नाव छापलं नाहीत. तुम्ही सगळं लिहिलंत, पण नाव तेवढं छापलं नाहीत. या बाळाचा मला सातवा महिना होता तेव्हा. डॉक्टरांकडे बसले होते, शेजारी बसलेल्या बाईच्या हातात तुमचं पान होतं. मला वाटलं तिथेच मरते आता."

पासिताला काही कळेना. तिचा चेहरा मात्र कसलेल्या पत्रकाराचा होता, त्यावर काहीच उमटलं नाही. वेंगला ती तिची समजूतदार शांतता वाटली. वेंगने ती बातमी अक्षर न् अक्षर म्हणून दाखवली. पोरीला पाठ होती.

"'पडद्यावर देवमाता शोभणारी एक नटी. घरात एक चिमुरडी तिला ताई म्हणते. ती ताई आहे की आणखी कोणी, हे त्या घरच्या भिंतींना विचारा.' भिंतींना विचारा! तिता, आंतोनला माहीत नाही. सासूबाई चर्चच्या महिला मंडळाच्या प्रमुख आहेत. पण त्यांचंही मी बघून घेईन. मायूमीला माहीत नाही हो. तिने हे वर्तमानपत्रात वाचलं तर?" वेंग आता रडत होती. "म्हणून म्हटलं, तुम्हालाच निनांग करावं. मग तुम्ही आमच्या घरच्याच झालात."

पासिताला ती दुपार आठवली. तिची दाढ ठणकत होती, दातांच्या डॉक्टरकडे जायचं होतं आणि स्तंभ चार ओळींनी कमी पडत होता. तेव्हा तिने उभ्या उभ्या ती बातमी रचली होती. ताई आणि आईचा हा मासला ती अधूनमधून वापरायची, कारण या गावात तो कोणाला ना कोणाला लागू पडतोच. कावळा बसायला आणि फांदी तुटायला गाठ पडली होती. आणि ती फांदी, ही पोर.

तर मुसकीच होती. बिबिंका, मावशी, घरच्याच, सगळं भीतीपोटी. पासिताला छातीत खरोखर दुखलं. त्याहून जास्त दुसरंच काही दुखलं, आणि तेच आधी तोंडून निघालं.

"सतराव्या वर्षी माझ्या सोफ्यावर झोपत होतीस. मला सांगितलं का नाहीस?"

वेंगने डोळे पुसले आणि तिच्याकडे खऱ्या आश्चर्याने बघितलं. "तुम्हाला? तिता, तुम्हाला सांगणार?"

आतून भांड्यांचे आवाज येत होते. मग पासिताने असं काही केलं जे तिने धंद्यात कधी केलं नव्हतं. तिने हातातलं पत्त्यांचं पान उलटं करून दाखवलं.

"ऐक, वेंग. मला काहीच माहीत नव्हतं. ती बातमी खोटी होती. म्हणजे, मी रचलेली होती. जागा भरायला. दाढ दुखत होती माझी. तू मला आत्ता सांगितलंस म्हणून मला कळलं. तू मला काही देणं लागत नाहीस. उद्या मी नको असेन, तर तसं सांग. माझं गुडघ्याचं दुखणं तयारच आहे."

एवढं बोलल्यावर तिला फार हलकं वाटलं. तिला वाटलं, आता ही पोर मोकळी झाली. आता भीती गेल्यावर जे उरेल ते खरं. कदाचित ती म्हणेल, तरीही या.

वेंगचं रडणं थांबलं होतं. ती पासिताच्या डोळ्यांत काहीतरी शोधत होती. आणि मग तिच्या चेहऱ्यावर हसू आलं. पासिताने ते हसू शेकडो फोटोंत पाहिलं होतं.

"तिता, आपण एकमेकींना किती वर्षं ओळखतो! सरळ बोला ना. बाळाचे पहिले फोटो तुमच्या पेपरला देऊ? दुसऱ्या कोणाला देणार नाही. मुलाखतही देते. आंतोनबरोबर, घरात, तुम्ही म्हणाल तशी."

"मला काही नको, गं!"

"तेच तर," वेंग हळूच म्हणाली. "काही नको म्हणणाऱ्यापासून लांब राहायचं, असं तुम्हीच सांगितलं होतंत मला. भात वाढताना."

घरी परतताना जीपनीत पासिताने मनातल्या मनात सगळ्या वाटा चाचपून बघितल्या. उद्या गेली नाही, तर वेंग समजणार की सोमवारी छापून येणार, आणि रात्रभर पोरीच्या डोळ्याला डोळा लागणार नाही. गेली, तर मुसकी मान्य केल्यासारखं होणार. शपथ घ्यावी, तर कोणाची? तिच्या शपथेवर आमच्या गावात कोणी उधार मीठसुद्धा दिलं नसतं. ज्या जिभेवर पोट भरलं, तीच आज उपयोगाची राहिली नव्हती. पासिताला रडू आलं आणि ती जीपनीतच रडली. समोरच्या बाईने कौतुकाने विचारलं, "तुम्ही त्याच ना? सिनेमावाल्या? कोण मेलं हो?"

सकाळी तिने निळा झगा घातला, पदकाची डबी घेतली आणि दारापर्यंत जाऊन परत फिरली. खांद्याला सवयीने लावलेली पिशवी तिने काढून पलंगावर टाकली. पेन, टेप, छोटा कॅमेरा, सगळं त्यात होतं. तशीच ती गेली.

चर्चमध्ये धर्ममाता-धर्मपित्यांची रांग लांबच लांब होती, नि बाळ बिचारं लेसमध्ये बुडालं होतं. बेबॉट तिच्या कानात पुटपुटला, "शेवटी तुझ्याही तोंडात मीठ!" तिने त्याला कोपर मारलं. पाद्रीने विचारलं, "सैतानाला आणि त्याच्या सगळ्या कपटाला तुम्ही नकार देता का?" बाकीचे नेहमीप्रमाणे पुटपुटले. पासिता मात्र "देते" असं इतक्या मोठ्याने म्हणाली की दोन-तीन जणांनी मान वळवून पाहिलं. वेंगनेही पाहिलं. ही बाई आता कशासाठी नाटक करतेय, एवढंच त्या नजरेत होतं.

बाहेर उन्हात फोटोवाले वाट पाहत होते. आंतोन, त्याची आई, बाळ, सगळे पायऱ्यांवर उभे राहिले. पासिताला वेंगच्या शेजारी उभं केलं. तेवढ्यात पिवळ्या फ्रॉकमधली मायूमी गर्दीतून वाट काढत आली आणि पडलेल्या दाताची खाच दाखवत हसली. चष्म्याची गंमत तिला अजून आठवत होती. चांगल्या घरची मुलं करतात तसं, थोरांचा हात आपल्या कपाळाला लावून आशीर्वाद घ्यायला तिने पासिताकडे दोन्ही हात पुढे केले. पासिताने आपला हात तिच्यापुढे धरला.

वेंगने हसऱ्या चेहऱ्यानेच मायूमीचं मनगट पकडून तिला मागे ओढलं.

"मायूमी, तितांना त्रास देऊ नकोस. त्या कामावर आहेत."

"नाही गं, मी आज..." पासिता बोलायला गेली. पण सासूबाई बघत होत्या, आंतोन बघत होता, आणि पुढचा प्रत्येक शब्द त्या दोघींच्या जिवावर आला असता. तिने तोंड मिटलं.

"निनांग!" फोटोवाला खालून ओरडला. "हात खाली घ्या ना! आणि जरा हसा!"

पासिताने हात खाली घेतला आणि ती हसली. वेंगने मायूमीचं मनगट अजून सोडलं नव्हतं.